चरित्र अभिनेत्रीवर व्याख्यान कसे बांधावे : जोन हिक्सनच्या निमित्ताने

इंदुरातल्या मराठी मंडळांच्या, वाचनालयांच्या आणि भगिनी मंडळांच्या मासिक सभांत व्याख्यात्याची खुर्ची बहुधा घरच्याच माणसाला भरावी लागते. संतचरित्रे, होळकरांचा इतिहास, आरोग्य आणि प्रवासवर्णने दोन-तीन वर्षांत आटोपतात, आणि मग कोणीतरी सुचवते की या वेळी एखाद्या परदेशी कलावंतावर बोला. माझ्यावर ही वेळ आली तेव्हा मी ब्रिटिश रंगभूमीवरच्या आणि दूरचित्रवाणीवरच्या चरित्र अभिनेत्रींचा विषय मोठ्या उत्साहाने घेतला, दहा जणींची नावे काढली, प्रत्येकीच्या भूमिकांची यादी केली आणि पन्नास मिनिटे ती वाचून दाखवली. विसाव्या मिनिटाला पहिल्या रांगेत हळदीकुंकवाच्या वाणाची चर्चा सुरू झाली होती. कार्यक्रमानंतर एका काकूंनी माझ्या हातात पोह्यांची बशी ठेवत म्हटले, "यादी छान होती हो, पण बाई काही कुठे दिसली नाही."

पुढच्या खेपेस मी एकच अभिनेत्री घेतली आणि तिची कारकीर्द गाजलेल्या भूमिकेपासून मागे न नेता, पहिल्या फुटकळ भूमिकेपासून पुढे सांगत गेले. ते व्याख्यान जमले. चरित्र अभिनेत्रीची कारकीर्द मुख्यतः मधल्या चाळीस-पन्नास वर्षांत घडलेली असते, आणि नेमकी तीच वर्षे सांगायला अवघड जातात, कारण त्या काळात तिच्यावर लेख येत नाहीत, मुलाखती होत नाहीत आणि भित्तिपत्रकावर तिचे नाव सर्वांत खाली बारीक अक्षरांत असते. त्या वर्षांना आकार कसा द्यावा, एवढाच या लेखाचा विषय आहे.

एकच बाई निवडावी

निवड करताना प्रसिद्धी हा निकष दुय्यम ठेवावा. तिचे सुरुवातीचे, मधले आणि अखेरचे काम आज पडद्यावर पाहता येते का, हे आधी पाहावे, कारण न पाहिलेल्या कामावर तासभर बोलणारा वक्ता दहाव्या मिनिटाला उघडा पडतो. या कसोटीवर उतरणाऱ्या बऱ्याच जणी सापडतील. पॅट्रिशिया राउटलेज या लिव्हरपूल विद्यापीठात इंग्रजी शिकल्या, १९५२ मध्ये लिव्हरपूल प्लेहाउसमध्ये रंगमंचावर आल्या, १९६८ मध्ये न्यूयॉर्कच्या ब्रॉडवे रंगभूमीवरच्या संगीतिकेसाठी त्यांनी टोनी पुरस्कार मिळवला, आणि साठी उलटल्यावर एका विनोदी दूरचित्रवाणी मालिकेत 'बकेट' हे आडनाव 'बुके' असे उच्चारायला लावणारी हायसिंथ म्हणून त्या घरोघरी पोहोचल्या; गाण्याची आवड असलेल्या मंडळाने त्यांना घ्यावे. थोरा हर्ड यांनी मोरकॅम गावातल्या सहकारी दुकानात रोखपालाचे काम करताना गिऱ्हाइकांचे जे नमुने पाहिले ते पुढे आयुष्यभर वापरले. लिझ स्मिथ यांना पहिली मोलाची चित्रपट भूमिका पन्नाशीच्या उंबरठ्यावर मिळाली, आणि तोवर त्या खेळण्यांच्या दुकानात काम करून घर चालवत होत्या.

मी जोन हिक्सनला निवडले, कारण तिच्या कारकिर्दीतली प्रतीक्षा आकड्यांत मांडता येते. तिचा जन्म ५ ऑगस्ट १९०६ चा, नॉर्दम्प्टनजवळच्या किंग्जथॉर्पचा. लंडनच्या रॉयल अकॅडमी ऑफ ड्रॅमॅटिक आर्टमध्ये शिक्षण घेऊन ती १९२७ मध्ये रंगमंचावर आली, आणि ॲगाथा ख्रिस्ती या रहस्यकथा लेखिकेच्या कादंबऱ्यांतली गुन्ह्यांचा छडा लावणारी वृद्धा मिस मार्पल, ही तिची ओळख ठरलेली भूमिका, बीबीसीच्या पडद्यावर प्रेक्षकांसमोर आली डिसेंबर १९८४ मध्ये. मधली वर्षे सत्तावन्न, आणि त्या दिवशी तिचे वय अठ्ठ्याहत्तर.

वहीतले रकाने

व्याख्यानाची खरी तयारी वहीत होते. दोन पाने समोरासमोर घेऊन सहा रकाने आखावेत : साल, त्या सालचे वय, माध्यम, भूमिकेचे नाव, त्या पात्राचे काम आणि शेरा. वयाचा रकाना कोणीच करत नाही, आणि सगळी गोष्ट त्यातच असते. मात्र वय काढताना केवळ सालांची वजाबाकी करू नये, जन्ममहिना आणि प्रदर्शनाचा महिना पाहावा, नाहीतर एका वर्षाची चूक होते आणि श्रोत्यांतला एखादा निवृत्त हिशेबनीस ती भर सभेत दाखवून देतो.

हिक्सनच्या वहीतल्या काही ओळी अशा भरतात. १९३७, वय तीस, चित्रपट, एमी नावाची मोलकरीण. कथा ॲगाथा ख्रिस्तींची, ही नोंद शेऱ्यात करून ठेवावी. जानेवारी १९४५, वय अडतीस, लंडनच्या कॉमेडी थिएटरमध्ये प्रहसन, आयडा ही लंडनी बोलीतली मोलकरीण. १९५९, वय बावन्न, 'कॅरी ऑन' मालिकेतला इस्पितळावरचा विनोदी चित्रपट, भूमिकेचे नाव नुसते 'सिस्टर'. १९६१, वय पंचावन्न, मिसेस किडर, मोठ्या वाड्यात कामाला असलेली बाई. १९६३, दूरचित्रवाणी, एका धर्मगुरूचे घर सांभाळणाऱ्या मिसेस पीस. १९७७, वय सत्तर, नॅशनल थिएटर, डीलिया, एका बऱ्यापैकी सुखवस्तू घरातली सासू. १९८१, वय पंचाहत्तर, बीबीसीवरच्या डिकन्सच्या कथेत मिस हॅविशॅम, जिने आपल्या वाड्यातली घड्याळे लग्न मोडल्याच्या क्षणाला बंद करून ठेवली आहेत.

ही ओळ पुरी झाली की पेन खाली ठेवून पाचवा रकाना वरून खाली वाचावा. दार उघडणारी मोलकरीण, घर सांभाळणारी बाई, घरातली सासू, वाड्याची मालकीण. साऱ्या आयुष्यात ती त्याच ब्रिटिश घरात राहिली आणि वयाप्रमाणे तिला मागच्या दारातून दिवाणखान्यापर्यंत बढती मिळत गेली, असे मला ते वाचताना वाटले, आणि व्याख्यानाचा कणा मला तेथे सापडला. तुमच्या अभिनेत्रीच्या वहीतून निराळेच काही निघेल. कोणाच्या बाबतीत विनोदाकडून शोकाकडे जाणारी वाट दिसेल, तर कोणाच्या बाबतीत एकाच लेखकाशी जमलेली जोडी. रकाना वाचण्याआधी निष्कर्ष ठरवू नये, एवढेच पथ्य आहे.

चौथ्या रकान्यातही एक गोष्ट पाहण्यासारखी असते. पात्राला नाव आहे का? 'परिचारिका', 'घरमालकीण', 'दुसरी स्त्री' अशा नोंदी कधी संपतात आणि पात्राला आडनाव कधी लाभते, त्या सालाभोवती पेन्सिलीने खूण करावी. आडनाव लाभूनही पुन्हा निनावी भूमिका आल्या असतील तर त्या लपवू नयेत. पोटासाठी काम करणाऱ्या नटीची रेघ सरळ वर चढत नसते, आणि आपल्या हौशी मंडळींत ज्यांनी वीस वर्षे 'शेजारीण' आणि 'आत्या' केली आहे त्यांना ते सांगावे लागत नाही.

रेपर्टरी समजावल्याशिवाय पुढे जाऊ नये

सत्तावन्न वर्षे हा आकडा ऐकून श्रोते विचारतात की मग ती एवढा काळ करत काय होती. त्याचे उत्तर ब्रिटिश रंगभूमीच्या व्यवस्थेत आहे, आणि ती व्यवस्था दहा मिनिटे घेऊन नीट सांगावी. बाकीच्या ठिकाणी घाई केली तरी चालेल.

विसाव्या शतकाच्या पूर्वार्धात इंग्लंडातल्या मध्यम आकाराच्या गावांतही कायमच्या नाट्यसंचाचे रंगमंदिर असे. ॲनी हॉर्निमन यांनी १९०८ मध्ये मँचेस्टरच्या गेटी थिएटरात अशा रेपर्टरीचा पाया घातला, १९११ मध्ये लिव्हरपूलला आणि १९१३ मध्ये बर्मिंगहॅमला तशी रंगमंदिरे उभी राहिली, आणि पुढे 'साप्ताहिक रेपर्टरी' हा प्रकार सर्वत्र रूढ झाला. सोमवारी नवे नाटक लागायचे आणि शनिवारी उतरायचे. संध्याकाळी या आठवड्याच्या नाटकाचा प्रयोग, दिवसा पुढच्या आठवड्याच्या नाटकाची तालीम आणि रात्री खोलीवर जाऊन पाठांतर, असा नटांचा दिनक्रम असे. आधुनिक काळातले नाटक असेल तर कपडे नटाने स्वतःचे आणायचे, त्यामुळे दोन टोप्या, एक बरा कोट आणि संध्याकाळचा एक पोशाख ही नोकरीची पूर्वअटच होती.

आपल्या श्रोत्यांना हे पटकन कळावे म्हणून मी आपल्या संगीत नाटक मंडळ्यांची आठवण देते, पण फरक सांगण्यासाठी. आपल्या मंडळ्या ठरावीक नाटके घेऊन गावोगाव फिरत, आणि इंदूर, ग्वाल्हेर, बडोदे येथल्या दरबारांच्या आश्रयाने मुक्काम करत. नाटक तेच राहायचे आणि गाव बदलायचे. तिकडच्या साप्ताहिक रेपर्टरीत गाव तेच राहायचे आणि नाटक बदलायचे. तेच प्रेक्षक दर आठवड्याला येणार म्हटल्यावर गेल्या आठवड्यातली आत्या या आठवड्यात आत्यासारखी दिसून चालत नसे. नायिकेला निदान चेहऱ्याचे भांडवल वापरता येई. चरित्र अभिनेत्रीला मात्र सहा दिवसांत चाल, आवाज, पदर सावरण्याची किंवा तिकडच्या हिशेबात हातमोजे काढण्याची तऱ्हा बदलून नवीन माणूस उभा करावा लागे. वर्षाकाठी चाळीस-पन्नास आठवडे धरले तर तेवढीच माणसे झाली. हिक्सनची पहिली वर्षे ब्रिटनभरच्या अशाच रंगमंचांवर गेली.

दूरचित्रवाणीचा भाग थोडक्यात आटपावा. बीबीसीची सेवा १९३६ मध्ये सुरू झाली, युद्धात बंद राहिली आणि १९४६ मध्ये परत आली. १९५५ मध्ये आयटीव्ही ही व्यापारी वाहिनी आली आणि कामाची दारे दुप्पट झाली. आरंभीची नाटके थेट प्रक्षेपित होत असल्याने ज्यांचे पाठांतर पक्के आणि ज्यांना चूक सावरून नेता येते अशा रेपर्टरीच्या नटांना तेथे मागणी होती. एवढे पुरे.

एकाच सालच्या दोन वृद्धा

इंदूरच्या श्रोत्यांना या परक्या विषयात आत घेण्यासाठी मला देवासचे दार सापडले. ई. एम. फॉर्स्टर १९२१ मध्ये देवास थोरल्या पातीच्या महाराजांचे खासगी चिटणीस होते, ही गोष्ट आपल्याकडच्या बहुतेकांनी कधी ना कधी ऐकलेली असते. टेकडीवरच्या देवीला तर प्रत्येक जण गेलेला असतो. त्या फॉर्स्टर यांच्या भारतविषयक कादंबरीवर १९८४ मध्ये चित्रपट आला आणि त्यातल्या मिसेस मूर या वृद्धेच्या भूमिकेसाठी पेगी ॲशक्रॉफ्ट यांना ऑस्कर मिळाले. त्याच १९८४ च्या अखेरीस हिक्सन मिस मार्पल म्हणून अवतरली. ॲशक्रॉफ्ट यांचा जन्म डिसेंबर १९०७ चा, म्हणजे हिक्सनपेक्षा त्या सोळा महिन्यांनी लहान.

या दोन स्त्रिया शेजारी ठेवल्या की नायिकेची आणि चरित्र अभिनेत्रीची कारकीर्द कशी निराळी चालते ते फळ्यावर मांडता येते. ॲशक्रॉफ्ट १९३५ मध्ये, सत्ताविसाव्या वर्षी, ज्युलिएट करत होत्या आणि त्यांच्यासमोर गिलगुड आणि ऑलिव्हिए हे नामवंत नट आळीपाळीने रोमिओ होत होते. १९५६ मध्ये, अठ्ठेचाळिसाव्या वर्षी त्यांना 'डेम' हा किताब मिळाला. हिक्सनला सरकारी मान मिळाला तो १९८७ मध्ये, ओबीई, म्हणजे त्याहून बऱ्याच खालच्या पायरीचा, आणि तोही ऐंशीच्या घरात. दोघी एकाच वर्षी वार्धक्यातल्या भूमिकांनी जगाला दिसल्या, परंतु ॲशक्रॉफ्ट तेथे शिखरांवरून आल्या होत्या आणि हिक्सन स्वयंपाकघरांतून.

मराठीतली तुलना करायचा मोह येथे प्रत्येक वक्त्याला होतो, आणि ललिता पवार यांचे नाव हमखास निघते. ते घ्यावे, पण जपून. ललिताबाई मूकपटांच्या काळात नायिका होत्या, चित्रीकरणातल्या दुखापतीने डावा डोळा अधू झाल्यावर त्यांना चरित्र भूमिकांकडे वळावे लागले आणि तेथे त्यांनी खाष्ट सासूचे सिंहासन निर्माण केले. हिक्सन मात्र पहिल्यापासून चरित्र अभिनेत्रीच होती. हा भेद सांगितला तर तुलना उपयोगी पडते. न सांगता 'इंग्लंडच्या ललिता पवार' असे म्हणून टाळी घेणे सोपे आहे, आणि मी एकदा तसे केलेही आहे.

जवळून दाखवायच्या गोष्टी

तासाभरात चित्रफितींना बारा मिनिटांहून जास्त वेळ देऊ नये. हिक्सनच्या बाबतीत दोनच तुकडे पुरतात आणि सुदैवाने दोन्ही एकाच कथेचे आहेत. ख्रिस्तींच्या पॅडिंग्टन स्थानकावरून सुटणाऱ्या गाडीच्या कथेवर १९६१ मध्ये चित्रपट निघाला तेव्हा मिस मार्पल झाल्या होत्या मार्गारेट रदरफर्ड, आणि त्यांनी मोलकरीण बनून ज्या वाड्यात प्रवेश मिळवला तेथे आधीपासून कामाला असलेली मिसेस किडर होती जोन हिक्सन. सव्वीस वर्षांनी, १९८७ मध्ये, बीबीसीने तीच कथा केली तेव्हा मिस मार्पल होती हिक्सन स्वतः. पहिल्या तुकड्यात श्रोत्यांना सांगावे की नायिकेकडे न पाहता शेजारच्या बाईकडे पाहा. नंतर दिवे न लावता लगेच दुसरा तुकडा लावावा, आणि दोन्ही एकच व्यक्ती आहे हे दुसरा तुकडा संपल्यावरच सांगावे. आमच्याकडे त्या क्षणी जी कुजबुज झाली ती कोणत्याही विशेषणांनी झाली नसती.

रदरफर्ड आणि हिक्सन यांच्यात श्रेष्ठ कोण, या वादात शिरू नये. रदरफर्ड यांची मार्पल धिप्पाड, खोडकर आणि धावपळ करणारी आहे, कादंबरीतल्या मार्पलशी तिचे फारसे नाते नाही, आणि तरीही ख्रिस्तींनी १९६२ ची एक मार्पल कादंबरी रदरफर्ड यांना आदरपूर्वक अर्पण केली. हिक्सनची मार्पल बारीक चणीची, ताठ बसणारी, कोपऱ्यातली खुर्ची पसंत करणारी आहे; चौकशी चालू असते तेव्हा ती बहुधा काहीच करत नाही, फक्त ऐकते. माझ्या मते ऐकण्याचा अभिनय हाच तिच्या पन्नास वर्षांच्या दुय्यम भूमिकांचा मेवा आहे, कारण मोलकरणीच्या भूमिकेत नटीला वाक्ये थोडी असतात आणि दुसऱ्यांची वाक्ये ऐकत रंगमंचावर उभे राहण्याचा वेळ फार असतो.

हे केवळ सांगून पटत नाही, म्हणून मी सभेतच एक प्रयोग करते. मंडळातल्या एखाद्या विणणाऱ्या काकूंना आधी विश्वासात घेऊन व्यासपीठाच्या एका बाजूला लोकर-सुया देऊन बसवावे, आणि दुसऱ्या बाजूला दोघींनी घरगुती भांडणाचा एक साधा संवाद वाचावा. पहिल्या वाचनात काकूंनी एकसारखे विणत राहावे. दुसऱ्या वाचनात त्यांनी एकाच वाक्यावर सुया थांबवाव्यात, मान वर करू नये, टाका पुरा करावा आणि पुन्हा विणू लागावे. कोणते वाक्य ते फक्त त्यांना ठाऊक असावे. आमच्या काकूंनी "गुरुवारी मी घरीच होते" या निरुपद्रवी वाक्यावर हात थांबवला, आणि साठ बायकांची नजर भांडणाऱ्या दोघींवरून निघून त्या स्वेटरवर जाऊन बसली. जिने ते वाक्य वाचले होते ती क्षणभर खरोखरच चोरी पकडल्यासारखी गप्प झाली. त्यानंतर चरित्र अभिनय म्हणजे काय याची व्याख्या मला द्यावी लागली नाही.

नाटकाचा भाग दाखवायला चित्रफीत सहजी मिळत नाही, तेथे फळा वापरावा. ॲलन एकबर्न यांचे 'बेडरूम फार्स' हे नाटक १९७७ मध्ये नॅशनल थिएटरात आले, आणि त्यात तीन घरांच्या तीन शयनगृहांचे नेपथ्य एकाच वेळी शेजारी-शेजारी मांडलेले असते. फळ्यावर तीन चौकोन आणि तीन पलंग काढावेत. त्यांतल्या वयस्क जोडप्याच्या पलंगावर हिक्सन आणि मायकेल गफ होते, आणि तरुण मंडळींचे संसार शेजारी कोसळत असताना हे दोघे अंथरुणात बसून टोस्टवर मासे घेऊन खातात. आमच्या सभेत यावर आधी "पलंगावर?" असा प्रश्न आला आणि मग हशा आला. हे नाटक ब्रॉडवेला गेले आणि १९७९ मध्ये सहाय्यक भूमिकांचे दोन्ही टोनी पुरस्कार या पलंगावरच्या दोघांनाच मिळाले. हिक्सन तेव्हा बहात्तर वर्षांची होती.

ख्रिस्तींच्या चिठ्ठीची गोष्ट कोठे सांगायची, यावर मी बराच विचार केला. १९४० च्या दशकात ख्रिस्तींच्या एका नाटकात हिक्सनने काम केले, ते पाहून लेखिकेने तिला चिठ्ठी पाठवली की तुम्ही एक दिवस माझी मिस मार्पल कराल अशी मला आशा आहे. हिक्सन तेव्हा चाळिशीच्या आसपास होती. बहुतेक जण ही गोष्ट आरंभीच सांगतात, आणि मग उरलेला तास भाकीत खरे कधी होणार याची वाट पाहण्यात जातो. ती १९८४ च्या जरा आधी सांगावी, आणि ख्रिस्ती १९७६ मध्ये वारल्या हेही त्याच दमात सांगावे.

शब्द, नावे आणि घसरण्याच्या जागा

'चरित्र अभिनेत्री' हा शब्द आपल्याला अंगवळणी पडलेला असला तरी सूचना फलकावर तो एकटा लिहू नये. आमच्या फलकावर तो वाचून एक आजोबा संतचरित्रावरचे व्याख्यान समजून आले आणि शेवटपर्यंत बसलेही, हा त्यांचा मोठेपणा. 'नायिका नसलेल्या, स्वभावाची माणसे उभी करणाऱ्या अभिनेत्री' असे एक वाक्य खाली जोडावे.

ब्रिटिश नावे देवनागरीत लिहिताना एकच रूप ठरवून सगळीकडे तेच ठेवावे, आणि उच्चार पडद्यावर ऐकून घ्यावा. अक्षरांवरून अंदाज करू नये.

साले तपासताना तीन ठिकाणी घसरायला होते. पहिले, चित्रीकरणाचे साल आणि प्रक्षेपणाचे साल निराळे असू शकते. व्याख्यानात एकच प्रकार धरावा. दुसरे, एकाच नावाचे दोन चित्रपट असतात. हिक्सनच्या नावावर १९३४ चा 'ट्रबल इन स्टोअर' आहे, आणि १९५३ मध्ये त्याच नावाचा अगदी निराळा, फार गाजलेला विनोदी चित्रपट आला, ज्यात मार्गारेट रदरफर्ड आहेत. घाईत हे दोन्ही एकत्र झाले तर दोघींच्या चरित्राचा गोंधळ होतो. तिसरे, रंगमंचावरची पहिली भूमिका म्हणून कोणी विद्यालयातली सांगतो, कोणी गावातली, तर कोणी लंडनमधली. ज्यावर स्वतःचा विश्वास बसेल तेवढेच बोलावे आणि बाकीचे वहीतच ठेवावे.

सभागृहात

वेळ दुपारी साडेचार ठेवावी. इंदुरात चारला बोलावले तर माणसे साडेचारला येतात, आणि साडेचारला बोलावले तरी साडेचारलाच येतात, कारण सहानंतर बऱ्याच जणींना घरी परतायचे असते. चित्रफीत लावण्यापूर्वी त्यातला प्रसंग मराठीत आधी सांगून टाकावा आणि फितीचा आवाज निम्मा ठेवावा. ब्रिटिश उच्चार समजून घेण्याच्या धडपडीत श्रोते चेहरा पाहायचे विसरतात, आणि आपल्याला दाखवायचा असतो चेहराच. सानंद या इंदूरच्या संस्थेच्या नाट्यप्रयोगांना नेमाने जाणारा आणि बाबा डिके यांच्या नाट्यभारतीच्या आठवणी घरात ऐकलेला आपला श्रोता अभिनयाच्या बाबतीत अडाणी नसतो. त्याला भाषेचा अडसर तेवढा दूर करून द्यावा लागतो.

प्रश्नोत्तरांना पंधरा मिनिटे राखून ठेवावीत आणि घरगुती प्रश्नांना नाक मुरडू नये. संसार होता का, हा पहिला प्रश्न ठरलेला. हिक्सनचा विवाह १९३२ मध्ये एका डॉक्टरांशी झाला, दोन मुले झाली, १९६७ मध्ये पतीचे निधन झाले, आणि एसेक्समधल्या विव्हनहो या नदीकाठच्या गावात ती अखेरपर्यंत राहिली. मानधनाच्या आकड्यांत शिरू नये. मिस मार्पलच्या बाराही कादंबऱ्या तिने पुऱ्या केल्या का, असे वाचक मंडळींतून कोणी विचारतेच. होय, बाराच्या बारा, १९८४ ते १९९२, आणि शेवटची दाखवली गेली तेव्हा ती शहाऐंशी वर्षांची होती. त्यानंतर ती भूमिका तिने आपणहून थांबवली. १७ ऑक्टोबर १९९८ रोजी, ब्याण्णवाव्या वर्षी ती वारली.

तिने मार्पल कथांचे वाचन ध्वनिमुद्रित केलेले आहे. त्यातला एखाद मिनिटाचा तुकडा फोनवर काढून ठेवावा आणि आभारप्रदर्शन झाल्यावर, खुर्च्या उचलल्या जात असताना, ध्वनिक्षेपकाजवळ धरून लावावा. पडदा बंद, दिवे लागलेले, आणि फक्त तो म्हातारा, संथ आवाज. आमच्याकडे पोह्यांच्या रांगेतल्या चार-पाच जणी बशा हातात धरून, तो थांबेपर्यंत उभ्या राहिल्या होत्या.